मावशी पन्हाळा चढून आली

पन्हाळ्याच्या वाटेवर वाघबीळच्या घाटात एका वळणावर मावशीने सायकल कडेला घेतली, एक पाय टेकवला, हेल्मेटचा पट्टा जरा सैल केला आणि मागे वळून बघत म्हणाली, "अगं, ह्या रस्त्यानं मी शंभर वेळा तरी आलोय. पण हे मला कधी दिसलंच नव्हतं बघ."

मावशी पक्की कोल्हापूरची, तिकडच्या बायका 'मी आलो, मी जातो' असंच बोलतात आणि मला ते ऐकायला फार आवडतं म्हणून तसंच लिहितेय. तर 'हे' म्हणजे काय, तर खाली पसरलेला पंचगंगेचा सगळा पट्टा, ऊसच ऊस, त्यावर धुकं, मधे दोन-तीन ठिकाणी गुऱ्हाळाचा धूर सरळ वर गेलेला आणि पलीकडे जोतिबाचा डोंगर. डिसेंबरची सकाळ, साडेसात वाजले असतील. गाडीतून जाताना हे वळण चार-पाच सेकंदात संपतं आणि तेवढ्या वेळात कोणीतरी गाणं बदलत असतं, कोणीतरी उलटीची गोळी शोधत असतं, त्यामुळे दिसणार कसं.

मावशी ६२ वर्षांची आहे. गुडघे दुखतात, जिने चढायचं जिवावर येतं, डॉक्टरांनी सांगितलंय की उतारावर चालू नका पण सायकल चालवत जा, गुडघ्यावर वजन येत नाही. शाळेत असताना ती सायकलनेच जायची, पुढे लग्न, नोकरी, मुलं यात सायकल सुटली ती सुटलीच. गेल्या दिवाळीत मी कोल्हापूरला गेले तेव्हा सहज म्हणाली की पन्हाळ्याला चालत वर जायचं राहूनच गेलं, लहानपणी बाकीची पोरं जायची आणि आम्हाला घरून सोडायचे नाहीत, आता मनात आलं तरी गुडघे सोडायचे नाहीत. ते वाक्य माझ्या डोक्यात राहिलं. आणि मग महिनाभराने ओळखीतून कळलं की कोल्हापुरातून काही जण इलेक्ट्रिक सायकलवर गाईडसोबत पन्हाळा करवतात, सात-आठ जणांचा ग्रुप, सकाळी जायचं आणि दुपारी परत. मी मावशीला न विचारताच दोघींचं नाव दिलं.

आधी एक गोष्ट सांगून टाकते कारण ज्यांना ज्यांना फोटो पाठवले त्यांनी हेच विचारलं. इलेक्ट्रिक बाइक म्हटलं की आपल्याकडे लोकांच्या डोळ्यासमोर स्कूटर येते, ॲक्सिलरेटर पिळला की निघाली. ही ती नव्हे. ही सायकलच आहे, पेडल मारावंच लागतं, फक्त तुम्ही पेडल मारलं की मोटर तुमच्या जोराला हातभार लावते. किती हातभार हवा ते हँडलवरच्या बटणाने ठरवायचं, त्याला असिस्ट म्हणतात, एक ते पाच. आपल्याकडे मोटर २५० वॅटपर्यंत आणि वेग ताशी २५ किलोमीटरपर्यंत असेल तर लायसन्स लागत नाही, नंबर प्लेट लागत नाही. २५ च्या वर गेलात की मोटर आपोआप गप्प होते, पुढचं सगळं तुमच्या पायांवर.

माझा याआधीचा अनुभव वाईट होता हेही लिहायला हवं. दोन वर्षांपूर्वी एका थंड हवेच्या ठिकाणी अशाच सायकली भाड्याने घेतल्या होत्या, कोणाकडून ते लिहीत नाही. बॅटरी पूर्ण चार्ज आहे असं सांगितलं, निम्म्या चढावर दोन्ही सायकली बंद पडल्या, फोन केला तर उचलला नाही, आणि बॅटरी संपलेली ती पंचवीस किलोची सायकल दुपारच्या उन्हात ढकलत नेताना मैत्रिणीच्या हाताला कळ लागली ती आठवडाभर गेली नाही. त्यामुळे या वेळी मी बुकिंगच्या आधी गाईडला फोन करून इतके प्रश्न विचारले की मला वाटलं तो वैतागेल. पण तो वैतागला नाही, उलट म्हणाला, "ताई, असं इचारणारं गिऱ्हाईक बरं असतंय." तिथेच माझा निम्मा विश्वास बसला.

सकाळी सव्वासहाला शिवाजी पुलाजवळ जमलो. अंधारच होता. आठ सायकली रांगेत, प्रत्येकीला पुढे-मागे दिवा, आणि गाईडने प्रत्येकाची सीट स्वतः बसवून दिली. मावशीची तर त्याने तीनदा वरखाली केली. पेडल खाली गेल्यावर पाय जवळजवळ सरळ व्हायला पाहिजे, किंचितच वाकलेला, नाहीतर गुडघ्यावर ताण येतो असं त्याचं म्हणणं. मावशीला त्याने सांगितलं, "काकू, गडबड करू नका. मोटर हाय, पर पाय तुमचंच चालायला पायजेत." पोरगा पन्हाळ्याच्या पायथ्याच्याच एका वाडीतला, वय तिशीच्या आत, आजोबांच्या वेळेपासून घरातले लोक दूध घेऊन गडावर जात आलेत. त्याचा एक जोडीदार शेवटी राहणार होता, त्याच्याकडे पंक्चरचं सामान, आणि मागून एक छोटा टेम्पो, त्यात दोन जादा बॅटऱ्या आणि पाण्याचा कॅन.

पुलापासून केर्लीपर्यंतचा रस्ता सपाटच म्हणायचा. पण साखर कारखान्यांचा हंगाम चालू, त्यामुळे उसाचे ट्रॅक्टर, एकेकाला दोन-दोन ट्रॉल्या, ऊस दोन्ही बाजूंनी बाहेर आलेला. हा खरा धोका आहे, घाटापेक्षा जास्त. गाईडचा नियम कडक होता: एका मागे एक, कानात काही घालायचं नाही, आणि मागून ट्रॉलीचा आवाज आला की तो शिट्टी मारणार, शिट्टी ऐकली की डांबर सोडून मातीत उतरायचं आणि थांबायचं, चालवत राहायचं नाही. चार-पाच वेळा असं थांबलो. एका ट्रॅक्टरवाल्याने मावशीकडे बघून हात जोडून नमस्कार केला, मावशीनेही हँडलवरचा हात काढून केला आणि मग गाईडची बोलणी खाल्ली.

केर्ली मागे टाकलं की रस्ता चढायला लागतो. इथे मी मावशीकडेच बघत होते. चढ लागला की सवयीने आपण पुढे झुकतो, दात ओठ खातो, तसं तिने केलं आणि मग एकदम तिच्या चेहऱ्यावर काहीतरी झालं, कारण पाय जड झालेच नाहीत. मागून कोणीतरी पाठीवर हात ठेवून ढकलतंय असं वाटतं ना, अगदी तसंच, वडील सायकल शिकवताना सीट धरून पळायचे तसं. तिने मागे वळून बघितलं, खरंच कोणी ढकलतंय का ते. मग असिस्ट दोनवरून तीनवर, आणि आमची मावशी ताशी बारा-तेराच्या वेगाने बोलत बोलत घाट चढत होती. बोलत बोलत, हे महत्त्वाचं आहे, कारण गाईडचं मापच ते होतं: बोलता येत नसेल तर असिस्ट वाढवा, गाणं म्हणता येत असेल तर कमी करा.

यातला सायकलचा भाग थोडा सांगते कारण बुक करायच्या आधी याचीच माहिती लागते. मोटर दोन जागी असते. एक चाकाच्या मधोमध, तिला हब मोटर म्हणतात. दुसरी पेडलच्या दांड्यापाशी, ती मिड-ड्राइव्ह. घाटासाठी मिड-ड्राइव्ह कितीतरी बरी, कारण तिची ताकद साखळीतून आणि गिअरमधून जाते, चढावर हलका गिअर टाकला की मोटरलाही सोपं पडतं. हब मोटर मोठ्या चढावर हळू फिरत राहते आणि तापते. दुसरं म्हणजे सेन्सर. स्वस्तातल्या सायकलींना फक्त पेडल फिरतंय की नाही एवढंच कळतं, त्यामुळे अर्धा फेरा मारला की मोटर धसका देऊन सुरू होते, वळणावर, चढावर थांबून निघताना हे भयंकर वाटतं. टॉर्क सेन्सर असलेल्या सायकलीला तुम्ही किती जोर लावताय ते कळतं आणि ती त्याच प्रमाणात देते. गुडघे दुखणाऱ्या माणसाला टॉर्क सेन्सरशिवाय घाटात नेऊ नका, मी तर नेणार नाही.

आणि बॅटरीचा हिशोब. तो मी वर गेल्यावर चहा पिताना गाईडच्या वहीच्या मागच्या पानावर केला आणि त्याला तो इतका आवडला की त्याने फोटो काढून ठेवला. कोल्हापूर ते पन्हाळा उंचीचा फरक साधारण ४०० मीटर. मावशी, सायकल, पाणी, पिशवी मिळून ९० किलो धरा. ९० किलो ४०० मीटर वर उचलायला जी ऊर्जा लागते ती जवळपास १०० वॅट-अवर. आमची बॅटरी ३६ व्होल्ट, १४ अँपिअर-अवर, या दोन आकड्यांचा गुणाकार म्हणजे ५०० वॅट-अवरच्या थोडी वर. मोटरमधला तोटा, वारा, रस्त्याचं घर्षण, सपाट रस्ता सगळं धरलं आणि निम्मा जोर मावशीचा धरला तरी जाऊन-येऊन बॅटरी पुरून उरायला पाहिजे. आणि उरलीच. मागच्या वेळी आमच्या सायकली निम्म्या चढावर का मेल्या तेही या हिशोबातून कळलं, त्या चार्जच केलेल्या नव्हत्या, दुसरं काही कारणच नाही.

वाघबीळला रत्नागिरीचा रस्ता सोडून पन्हाळ्याकडे वळलो. जुलै २०२१ च्या पावसात पन्हाळ्याचा रस्ता खचला होता आणि गडावर गाड्या जायच्या बंद झाल्या होत्या ते आठवत असेल. गाईड सांगत होता की ते दिवस वाडीतल्या लोकांनी पायीच सामान वर नेलं. गडाच्या 'चार दरवाजा' नावाच्या प्रवेशद्वाराच्या जागी पोचलो तेव्हा त्याने सगळ्यांना उतरायला लावलं. दरवाजा नाहीच आहे तिथे, अवशेष आहेत फक्त. १८४४ मध्ये गडकऱ्यांनी, म्हणजे गड राखणाऱ्या लोकांनी, इंग्रजांविरुद्ध उठाव केला, तो मोडून काढल्यावर इंग्रजांनी हा दरवाजा पाडून टाकला. लहानपणापासून मी गाडीत बसून या मोकळ्या जागेतून गडावर गेलेय आणि आपण एका पाडलेल्या दरवाजातून आत जातोय हे मला इतक्या वर्षांत माहीत नव्हतं, त्याचं मला खरंच वाईट वाटलं. मावशी तिथल्या एका दगडाला हात लावून उभी राहिली थोडा वेळ. काही बोलली नाही.

पन्हाळ्याची गंमत अशी की हा गड म्हणजे एक गावच आहे. नगरपरिषद आहे, शाळा आहेत, तीनेक हजार माणसं राहतात, आणि तटबंदीचा घेर सात किलोमीटरच्या वर. म्हणजे चालत सगळं बघायचं तर दिवस जातो आणि गुडघेवाल्यांना ते जमत नाही, आणि गाडीने बघायचं तर शनिवार-रविवारी निम्मा वेळ पार्किंग शोधण्यात. सायकल या जागेच्या मापाचीच आहे असं मला फिरताना सतत वाटत होतं. एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी पाच मिनिटं, सायकल एका बाजूला लावायची, आणि आत पायी. वास्तूच्या आवारात सायकल न्यायची नाही आणि तटावर तर अजिबात नाही, हे गाईडने आधीच बजावलं होतं. शिलाहार राजा दुसरा भोज, मग यादव, बहमनी, आदिलशाही, मग स्वराज्य, मग करवीरची गादी, एवढ्या सगळ्या लोकांचं बांधकाम एकमेकांत मिसळलेलं आहे आणि ते हळू फिरल्याशिवाय उलगडत नाही.

सगळ्यात जास्त वेळ आम्ही अंबरखान्यात काढला. गंगा, यमुना, सरस्वती अशी तीन धान्याची कोठारं, त्यातली गंगा कोठी सगळ्यात मोठी, तिच्यात पंचवीस हजार खंडी धान्य मावायचं असं सांगतात. बाहेरून नुसती काळ्या दगडाची आडवी भिंत दिसते. बाहेरच्या बाजूने छतावर जायला पायऱ्या आहेत, आणि छताला भोकं. धान्य वरून त्या भोकांतून ओतायचं आणि खालून दारातून काढायचं. आत गेलो तर एकदम गार, डोळे सरावायला मिनिटभर लागलं, वटवाघळांचा वास, आणि वर बघितलं तर प्रत्येक खणाला स्वतःचा घुमट आणि घुमटाच्या मधोमध ते चौकोनी भोक, त्यातून उजेडाचा एकेक खांब खाली उतरलेला. मावशी त्या उजेडात उभी राहिली आणि तळहात पसरून वर बघत म्हणाली, "म्हंजे हितनं जोंधळा पडायचा." आणि मग तिला तिच्या माहेरचं पेव आठवलं, जमिनीतलं धान्याचं कोठार, ज्यात उतरायच्या आधी कंदील सोडून बघायचे की विझतो का, विझला तर आत श्वास घेण्याजोगी हवा नाही. गाईडने ते लक्ष देऊन ऐकलं. पेवात आधी कंदील का सोडायचा हे त्याला माहीत नव्हतं आणि त्याने लगेच विचारून घेतलं. मला गाईड म्हणून तो इथे सगळ्यात जास्त आवडला.

आता जे मला सांगायचंय ते. पन्हाळ्याचा वेढा आपण सगळ्यांनी चौथीत पाठ केलाय. सिद्दी जौहर, शिवा काशीद, बाजीप्रभू, पावनखिंड. नोव्हेंबर १६५९ मध्ये, अफझलखानाच्या वधानंतर अठरा दिवसांत महाराजांनी हा गड घेतला, आणि पुढच्या मार्चमध्ये सिद्दी जौहरने वेढा घातला तो पावसाळा आला तरी उठवला नाही. राजापूरच्या वखारीतले इंग्रजही तोफा घेऊन त्याच्या मदतीला आले होते. हे सगळं माहीत असतं. पण वेढा म्हणजे काय ते मला त्या दिवशी पहिल्यांदा कळलं, आणि ते चढून आल्यामुळे कळलं. कारण पायाने तो उतार मोजला होता. कुठे रस्ता अंगावर येतो, कुठे वळणामागचं काही दिसत नाही, कुठे वरून खालचं माणूस मुंगीएवढं दिसतं हे नुकतंच अंगातून गेलेलं होतं. गाईडने आम्हाला तटापाशी नेऊन उभं केलं आणि म्हणाला आता नुसतं बघा, मी पाच मिनिटं काय बोलत नाही. मग एकेक दाखवलं. पूर्वेला हा पावनगड, अगदी लागून असलेली टेकडी, ती शत्रूच्या हातात गेली तर तोफ कुठून डागणार ते दिसतंय ना, म्हणून पन्हाळा परत घेतल्यावर महाराजांनी तिथे वेगळा गड बांधून घेतला. तिकडे मसाईचं पठार. ही खाली जाणारी राजदिंडी, महाराज वेढ्यातून निसटले ती वाट.

राजदिंडीची वाट बघून मावशी म्हणाली, "रात्रीचं? पावसात?" आषाढ पौर्णिमा म्हणजे चांदणं असायला हवं, पण जुलैमधला पन्हाळा ज्यांनी बघितलाय त्यांना माहीत आहे की तिथे आषाढात चंद्र काय, दहा फुटांवरचा माणूस दिसत नाही. त्या अंधारात, चिखलात, पालखी खांद्यावर घेऊन सहाशे माणसं ह्या वाटेने उतरली आणि विशाळगडाकडे निघाली, साठेक किलोमीटर. आणि दुसऱ्या पालखीत बसून शिवा काशीद शत्रूच्या छावणीकडे गेला. तो इथलाच, गडाखालच्या नेबापूरचा, न्हावी समाजातला. आमच्या गाईडने नेबापूर बोटाने दाखवलं, ती बघा घरं. धड्यातलं नाव आणि समोरची कौलं एकत्र आली आणि माझ्या घशात आवंढा आला, मी तो लपवला नाही.

त्याने आणखी एक केलं जे मला सगळ्या गाईड लोकांनी करावं असं वाटतं. प्रत्येक ठिकाणी तो सांगायचा की हे कागदात सापडतं आणि हे गावात सांगतात. कोंडाजी फर्जंदांनी मार्च १६७३ मध्ये साठ माणसं घेऊन रात्रीत गड घेतला, हे कागदातलं. कुठल्या कड्याने चढले, तर गावात हा दाखवतात. सज्जा कोठीत संभाजीराजांना ठेवलं होतं म्हणतात, आणि १६८० च्या सुरुवातीला बापलेकांची शेवटची भेट पन्हाळ्यावरच झाली. ते सांगताना त्याचा आवाज खाली आला, सज्जा कोठीच्या त्या खिडकीतून खालची दरी दिसते आणि वारा सतत आत येत असतो, आम्ही आठ जण होतो आणि कोणीच मोबाइल काढला नाही.

तीन दरवाजाजवळची अंधारबाव बघायला मावशी पूर्ण खाली उतरली नाही, पायऱ्या उतरणं गुडघ्याला चालत नाही. ती वरच्या मजल्यावर गार सावलीत बसली आणि मी खालचं पाणी बघून येऊन तिला सांगितलं. विहिरीवर तीन मजली इमारत, बाहेरून कळतही नाही आत पाणी आहे, वेढ्यात पाणी राखण्यासाठीच केलेली. मग तिथेच टपरीवर झुणका-भाकरी, खर्डा, दही, कांदा बुक्कीने फोडून. भाकरी करणारी बाई मावशीच्या हेल्मेटकडे बघत होती, तिने विचारलं सायकलवर आलाय व्हय, मावशी म्हणाली हो, तर तिने तिसरी भाकरी वाढली आणि पैसे दोनाचेच घेतले.

पन्हाळ्याचं नाव ११ जुलै २०२५ ला जागतिक वारसा यादीत लागलं, मराठा लष्करी स्थापत्यातल्या बारा किल्ल्यांत, अकरा आपले आणि एक तामिळनाडूतला जिंजी. आनंद झालाच. पण गाईड आणि ती भाकरीवाली दोघांच्याही बोलण्यात काळजी होती, की आता गर्दी अजून वाढणार, गाड्या वाढणार, आणि राहत्या घरांवर बंधनं किती येणार. मला त्यांची काळजी पटते. चार माणसांसाठी एक मोठी गाडी या चिंचोळ्या रस्त्यावर चढते, धूर सोडते, हॉर्न वाजवते आणि दोन तासात उतरते, गावाला त्यातून काय मिळतं? खाली वाहनतळ आणि वर सायकली, छोट्या इलेक्ट्रिक बस, त्या चालवणारी आणि गाईड म्हणून फिरवणारी आसपासच्या वाड्यांतलीच पोरं-पोरी, असं व्हायला हवं आणि पन्हाळ्याला ते जमण्यासारखं आहे. सिंहगडाला, अजिंक्यताऱ्यालाही रस्ता वरपर्यंत आहे, तिथेही जमेल. राजगडाला, साल्हेरला नाही, तिथे पायीच जायचं आणि तसंच राहू द्यावं.

उतरताना मात्र सावध राहायला लागतं. सायकल जड, त्यामुळे वेग पटकन धरते, आणि मोटर उतारावर काही मदत करत नाही, सगळं ब्रेकवर. गाईडने शिकवलं की ब्रेक सतत दाबून धरायचा नाही, तापतो आणि मग लागत नाही, वळणाच्या आधी दोन्ही ब्रेक एकत्र घट्ट दाबायचे, वेग कमी करायचा, मग सोडायचे. दोनदा मधे थांबवून त्याने सगळ्यांच्या डिस्क, म्हणजे चाकाच्या मधोमध असलेल्या ब्रेकच्या चकत्या, बघितल्या. डिस्क ब्रेक नसलेली सायकल कोणी घाटासाठी दिली तर घेऊ नका, स्पष्ट नाही म्हणा.

तुम्ही कुठेही असं बुक करणार असाल तर फोनवर हे विचाराच: मोटर कुठे आहे, सेन्सर कोणता, बॅटरी किती वॅट-अवरची आणि किती जुनी, जादा बॅटरी सोबत असते का, ब्रेक कोणते, शेवटी कोणी असतं का, आणि गाईड त्या भागातला आहे का. शेवटचा प्रश्न मी आता सगळ्यात आधी विचारते. आणि हृदयाचा त्रास, बीपी असेल तर आधी डॉक्टरांशी बोला, मोटर असली तरी छाती भरतेच.

दीडच्या सुमारास शिवाजी पुलावर परत आलो. मावशीच्या सायकलच्या डिस्प्लेवर ४६ किलोमीटर आणि बॅटरी ४१ टक्के. गाईडने सायकल घ्यायला हात पुढे केला तर तिने आधी सीटवरची धूळ पदराने पुसली, मग दिली. त्याच्या डोक्यावरून हात फिरवला आणि म्हणाली, "पावसाळा संपला की परत येतो. पावनगड राहिलाय."

रात्री घरी जेवणं झाल्यावर मी पाणी प्यायला स्वयंपाकघरात गेले तर ती भिंतीवरच्या कॅलेंडरपाशी उभी होती, जिथे ती रोजचा दुधाचा हिशोब लिहिते. त्या दिवसाच्या चौकोनात 'दूध १ लि.' च्या खाली, जागा पुरत नव्हती म्हणून बारीक अक्षरात तिने लिहिलं होतं: पन्हाळा, सायकल, ४६.